‘बयाणा जप्त, नाव काळ्या यादीत’ : या एका ओळीबद्दल निविदा समित्यांना खुले पत्र

प्रति,
निविदा समित्यांचे अध्यक्ष व सदस्य,
नगरपरिषदा, नगरपंचायती, जिल्हा परिषदा व सार्वजनिक बांधकाम विभाग,
महाराष्ट्र राज्य

विषय : निविदेतील अटींचा भंग झाल्यास करावयाच्या कारवाईबाबत

महोदय / महोदया,

आपल्या बहुतेक निविदा सूचनांच्या शेवटी एक ओळ ठरलेली असते : ‘निविदेतील कोणत्याही अटीचा भंग झाल्यास बयाणा रक्कम जप्त करून निविदाकारास काळ्या यादीत टाकण्यात येईल.’ (बयाणा म्हणजे निविदा भरताना ठेव म्हणून दिलेली रक्कम.) ही ओळ एका निविदेतून दुसरीत वर्षानुवर्षे उतरत आली आहे. कधीकधी तिच्यासोबत शेजारच्या नगरपरिषदेचे नावही तसेच उतरलेले सापडते. ओळ कडक आहे, म्हणजे कार्यालय सुरक्षित आहे, असा समज आहे. आमचा अनुभव उलटा आहे. कारवाईचे आदेश न्यायालयात टिकत नाहीत, तेव्हा त्याचे मूळ बहुधा या ओळीत आणि तिच्या भरवशावर लिहिलेल्या दोन परिच्छेदांच्या नोटिशीत असते. आदेश रद्द झाला की खोटा दाखला जोडणारा ठेकेदार पुढच्या निविदेला पुन्हा हजर होतो. एक प्रत कमी पडलेल्या लहान ठेकेदाराकडे वकिलाचे पैसे नसतात, त्यामुळे त्याचा बयाणा मात्र खरोखर जातो.

या ओळीत चार वेगवेगळ्या वेळचे भंग एका दावणीला बांधले आहेत : छाननीत सापडलेली त्रुटी, मुदतीत देकार (निविदाकाराने दिलेला प्रस्ताव) मागे घेणे, स्वीकृतीनंतर करार न करणे आणि काम सुरू झाल्यावर ते रखडवणे किंवा सोडणे. या चौघांचे कायदेशीर परिणाम एक नाहीत.

आधी छाननी. लिफाफा क्रमांक एकमध्ये, म्हणजे पात्रतेच्या कागदांच्या लिफाफ्यात, मागितलेला कागद नसेल तर देकार अपात्र ठरतो. निविदेत स्पष्ट तरतूद नसताना त्यापुढे जाऊन बयाणा जप्त करता येत नाही. बयाणा कशाची हमी आहे, तर देकार मागे घेणार नाही आणि स्वीकारल्यास करार करीन याची. उलाढालीचा दाखला जोडायचा राहिला म्हणून ती हमी मोडत नाही. आता कोणत्या त्रुटीवर अपात्र करायचे आणि कोणती चालवून घ्यायची, हा प्रश्न आपल्याला सर्वांत जास्त छळतो. पोद्दार स्टील प्रकरणात (1991) बयाणा रोख किंवा स्टेट बँकेवरील डिमांड ड्राफ्टने भरण्याची अट होती आणि निविदाकाराने युनियन बँकेचा प्रमाणित धनादेश जोडला होता. पैसे मिळण्याची खात्री तितकीच असल्याने ही आनुषंगिक अट शिथिल करणे सर्वोच्च न्यायालयाने मान्य केले. मात्र 2016 मध्ये सेंट्रल कोलफील्ड्सच्या प्रकरणात बँक हमी ठरवून दिलेल्या नमुन्यात नव्हती आणि तेवढ्यावरून देकार नाकारणे त्याच न्यायालयाने योग्य ठरवले. अट आवश्यक की आनुषंगिक, हे निविदा काढणाऱ्याने ठरवायचे, न्यायालयाने नव्हे, असे त्यात म्हटले आहे. दोन्ही निकाल एकत्र वाचले तर आपले काम स्पष्ट होते. कोणती अट अपात्रतेची आहे हे निविदेतच लिहा आणि शिथिल करायची असेल तर सर्वांसाठी, कारण नोंदवून करा. एकाला ‘दोन दिवसांत आणून द्या’ असा फोन आणि दुसऱ्याला थेट अपात्रतेचे पत्र, हे कुठेच टिकणार नाही. मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहाच्या निविदेवरून 1979 मध्ये रमणा शेट्टी प्रकरणात हेच तत्त्व मांडले गेले : प्राधिकरणाने घातलेली अट प्राधिकरणालाही बांधते. (त्या अर्जदाराला उशिरा आल्यामुळे दिलासा मिळाला नाही, हेही लक्षात असू द्या. ठेकेदारांनी तर नक्कीच.)

कागद मागवायचाच असेल तर एक साधी कसोटी लावा : निविदा भरण्याच्या शेवटच्या तारखेला तो अस्तित्वात होता का? तीन वर्षांपूर्वी पूर्ण केलेल्या कामाच्या दाखल्याची स्पष्ट प्रत मागवता येईल. निविदा उघडल्यानंतर काढलेली नोंदणी किंवा नंतरच्या तारखेची बँक हमी घेता येणार नाही. दरातली चूक तर दुरुस्तच करू देऊ नये. पटेल इंजिनिअरिंग प्रकरणात (2001) सर्वोच्च न्यायालयाने देकारातल्या चुका नंतर सुधारू देण्यास नकार दिला आहे.

दुसरा टप्पा, देकार मागे घेणे. भारतीय करार कायदा, 1872 च्या कलम 5 नुसार स्वीकृती कळवण्याचे पूर्ण होईपर्यंत प्रस्ताव मागे घेता येतो. ठेकेदाराचे वकील हे कलम हमखास पुढे करतात. पण मागे घेता येणे वेगळे आणि त्याची किंमत न मोजावी लागणे वेगळे. राष्ट्रीय महामार्ग प्राधिकरण विरुद्ध गंगा एंटरप्रायझेस (2003) या निकालानुसार वैधतेच्या मुदतीत देकार मागे घेतल्यास बयाणा जप्त करता येतो; बयाणा त्यासाठीच घेतलेला असतो. इथे आपली बाजू भक्कम आहे, फक्त तारीख सांभाळली तर. देकाराची वैधता समजा 120 दिवस आहे. मधे आचारसंहिता लागते, नस्ती तांत्रिक मंजुरीत अडकते आणि 140 व्या दिवशी स्वीकृती पत्र निघते. तोवर सिमेंट-डांबराचे भाव वाढलेले असतात, ठेकेदार नको म्हणतो आणि कार्यालय बयाणा जप्त करते. ही जप्ती बेकायदा आहे. 121 व्या दिवशी स्वीकारायला देकारच उरला नव्हता. वैधता वाढवायची तर मुदत संपण्यापूर्वी लेखी संमती मागायची आणि जो संमती देणार नाही त्याचा बयाणा परत करायचा. बयाणा बँक हमीच्या रूपात असेल तर हमीचीही मुदत वाढवून घ्यायची. केंद्राच्या सामान्य वित्तीय नियमांत (2017) बयाण्याची मुदत देकाराच्या वैधतेपेक्षा 45 दिवस जास्त ठेवली आहे. आपणही निविदेत तेवढी मोकळीक ठेवावी.

स्वीकृती पत्र मिळाले, पण ठेकेदार सुरक्षा अनामत भरत नाही, करारावर सही करायला येत नाही. इथे करार झाला आहे का, यावर पुढचे सगळे ठरते. कैलाश नाथ असोसिएट्स विरुद्ध दिल्ली विकास प्राधिकरण (2015) हा निकाल प्रत्येक लेखाधिकाऱ्याने वाचावा असा आहे. भूखंडाचा लिलाव 3.12 कोटींना झाला, बोलीदाराने 25 टक्के म्हणजे 78 लाख भरले, पुढे वाद होऊन प्राधिकरणाने ते जप्त केले आणि तोच भूखंड 11.78 कोटींना विकला. नुकसान झालेच नाही, तर भरपाई कशाची, असे म्हणून न्यायालयाने पैसे परत करायला लावले. करार झाल्यानंतरच्या जप्तीला करार कायद्याचे कलम 74 लागते. त्यात लिहिलेली रक्कम ही कमाल मर्यादा असते आणि प्रत्यक्षात वाजवी भरपाईच मिळते. मात्र करार होण्यापूर्वी लिलावाच्या किंवा निविदेच्या अटींनुसार झालेल्या जप्तीला कलम 74 लागू होत नाही, असेही याच निकालात म्हटले आहे. म्हणून निविदेत स्वच्छ लिहा : स्वीकृती पत्रानंतर इतक्या दिवसांत सुरक्षा अनामत भरून करार न केल्यास बयाणा जप्त होईल आणि स्वीकृती रद्द समजली जाईल. आणि जप्तीच्या नस्तीत फेरनिविदेचा दर, जाहिरातीचा खर्च, वाया गेलेले दिवस यांची टिपणी ठेवा. करार झालाच होता असे न्यायालयाने उद्या ठरवले, तर हीच टिपणी आपल्याला वाचवेल. फेरनिविदा स्वस्तात गेली असेल तर तेही लपवू नका. ते माहितीच्या अधिकारात बाहेर येतेच.

आता काम सुरू झाल्यानंतरचे. इथे बी-1 आणि बी-2 या सार्वजनिक बांधकाम विभागाच्या करारनामा नमुन्यांची कलमे आपल्याला तोंडपाठ असतात, पण वापरताना क्रम चुकतो. कलम 2 नुसार उशिराची भरपाई दररोज अंदाजपत्रकीय रकमेच्या 1 टक्का किंवा अधीक्षक अभियंता ठरवतील तितकी कमी, आणि एकूण 10 टक्क्यांपर्यंत. 80 लाखांच्या कामाला पूर्ण दराने दिवसाला 80 हजार रुपये झाले; दहाव्या दिवशी 8 लाखांची मर्यादा संपली. अकराव्या दिवसापासून ठेकेदाराला या कलमाची भीती उरत नाही. म्हणून दर विचारपूर्वक ठरवायचा असतो, सरसकट कमाल लावायचा नसतो.

दंड बुडण्याचे सर्वांत मोठे कारण मात्र मुदतवाढ आहे. करार कायद्याच्या कलम 55 नुसार, ठरलेली वेळ टळल्यावर काम उशिराने स्वीकारले आणि स्वीकारतानाच भरपाई मागण्याचा इरादा कळवला नाही, तर त्या उशिराची भरपाई नंतर मागता येत नाही. आपल्याकडे काय होते? ठेकेदार अर्ज देतो, ‘मुदतवाढ मंजूर’ असे एका ओळीचे पत्र जाते, अंतिम देयकाच्या वेळी लेखापरीक्षण आक्षेप काढते आणि मग कार्यालय मागाहून दंड लावते. तो लवादापुढे जातोच जातो. उपाय एका वाक्याचा आहे : ‘ही मुदतवाढ कलम 2 खालील भरपाई आकारण्याचा विभागाचा हक्क राखून देण्यात येत आहे.’ दुसरीकडे, कलम 6 नुसार अडचण आल्यापासून 30 दिवसांत किंवा कामाची मुदत संपण्यापूर्वी, यांपैकी जे आधी असेल तेव्हा ठेकेदाराने अर्ज करायचा असतो. जागा ताब्यात नाही, विजेचे खांब हलवलेले नाहीत, नकाशा आला नाही, ही कारणे आपल्याकडची असतात. त्यांवरचे अर्ज दाबून ठेवले तर उशीर आपल्याच माथी येतो. हद्द मोजणी झालेली नसताना कार्यारंभ आदेश देणे हा तर आपणच केलेला पहिला भंग होय.

कलम 3 मध्ये तीन रस्ते आहेत : करार रद्द करून अनामत जप्त करणे, विभागामार्फत काम करून खर्च ठेकेदाराच्या नावे टाकणे, किंवा उरलेले काम काढून दुसऱ्याला देऊन जादा खर्च वसूल करणे. यांतला सोयीचा रस्ता निवडून आदेशात तसे लिहायचे असते. ‘कलम 3 अन्वये कारवाई करण्यात येत आहे’ एवढेच लिहून तिन्हींचे फायदे मागणारे आदेश आम्ही बरेच पाहतो. काम काढून घेण्यापूर्वी ठेकेदाराला तारीख कळवून संयुक्त मोजमाप घ्या. तो आला नाही तर पंचनामा करा, तारखेसह छायाचित्रे काढा, मोजमाप पुस्तिकेत नोंद करा आणि तिची प्रत त्याला पाठवा. जादा खर्च वसूल करायचा असेल तर नवी निविदा त्याच विनिर्देशांवर आणि वाजवी वेळेत निघाली पाहिजे. जुन्या करारात 20 सेंटीमीटर जाडीचा रस्ता आणि नव्यात 25, तर फरकाची रक्कम मूळ ठेकेदाराकडून मागता येत नाही.

नुकसानीचा आकडा स्वतःच ठरवून ‘जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल’ असा शेरा मारण्याआधी थांबा. कर्नाटक राज्य विरुद्ध रामेश्वर राइस मिल्स (1987) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, भंग झाला की नाही यावरच वाद असेल तर कराराचा एक पक्ष त्याचा न्यायनिवाडा करू शकत नाही. भंग कबूल असेल तरच अधिकारी नुकसानीची मोजदाद करू शकतो. वाद असेल तर करारात लिहिलेली यंत्रणा, लवाद किंवा दिवाणी न्यायालय, एवढाच रस्ता.

बँक हमीबद्दल थोडे, कारण पैसा खरोखर तिथे असतो. बिनशर्त हमी वटवण्यास न्यायालय सहसा स्थगिती देत नाही; ढळढळीत फसवणूक किंवा भरून न येणारे नुकसान दाखवावे लागते. पण हमीतला शब्द पाळावा लागतो. हिंदुस्थान कन्स्ट्रक्शन विरुद्ध बिहार राज्य (1999) या प्रकरणात हमीनुसार मागणी मुख्य अभियंत्याने करायची होती, पत्र कार्यकारी अभियंत्याने पाठवले, आणि ती मागणी अवैध ठरली. आपल्या तिजोरीतल्या हम्या काढा आणि पाहा : मागणी कोणाच्या सहीने करायची, मागणीपत्रात कोणते शब्द हवेत, शेवटची तारीख कोणती. हमी आल्याबरोबर खात्री बँकेच्या शाखेकडून थेट करून घ्या, ठेकेदाराने हातात आणून दिलेल्या पडताळणी पत्रावर नको. खोट्या हमीबरोबर खोटे पडताळणी पत्र मोफत येते.

काळी यादी. हा विषय आम्ही मुद्दाम मागे ठेवला, कारण सर्वांत जास्त आदेश इथे पडतात. 1975 च्या इरुशियन इक्विपमेंट निकालापासून एक गोष्ट पक्की आहे : म्हणणे ऐकल्याशिवाय कोणालाही काळ्या यादीत टाकता येत नाही. निविदेत तशी अट असली तरी नाही. गोरखा सिक्युरिटी प्रकरणाने (2014) त्यात नेमकेपणा आणला. कारणे दाखवा नोटिशीत दोन गोष्टी हव्यात, आरोप काय आहे आणि कोणती कारवाई प्रस्तावित आहे. ‘आपल्यावर नियमानुसार कारवाई का करू नये’ ही आपली लाडकी ओळ या कसोटीवर नापास होते. नोटिशीत ‘अमुक कालावधीसाठी काळ्या यादीत टाकण्याचे प्रस्तावित आहे’ हे शब्द किंवा निःसंशय तोच अर्थ दिसला पाहिजे. यूएमसी टेक्नॉलॉजीज विरुद्ध भारतीय अन्न महामंडळ (2020) मध्ये पाच वर्षांची बंदी याच कारणाने गेली.

कालावधी हाही आदेशाचा भाग आहे. कायमची बंदी कुलजा इंडस्ट्रीज प्रकरणात (2013) टिकली नाही. भुवनेश्वरमध्ये बांधकाम चालू असताना उड्डाणपूल कोसळून माणूस दगावला, त्या पांडा इन्फ्राप्रोजेक्ट प्रकरणात (2022) सर्वोच्च न्यायालयाने बंदी उचलून धरली, पण कायमची न ठेवता पाच वर्षांची केली. पूल पडला तर पाच वर्षे, मग गटाराचे काम दोन महिने उशिरा झाले म्हणून आपण तीन वर्षे कशी घालणार? कोलकाता महापालिकेच्या ब्लू ड्रीम्झ प्रकरणात (2024) न्यायालयाने हेही सांगितले की प्रामाणिक वाद असलेल्या साध्या करारभंगासाठी काळी यादी वापरायची नसते. भरपाई, अनामत, जादा खर्चाची वसुली ही साधने त्यासाठी आहेत. केंद्राच्या सामान्य वित्तीय नियमांतल्या नियम 151 मध्ये भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यासारख्या गुन्ह्यात दोषी ठरल्यास कमाल तीन वर्षे आणि सचोटीच्या संहितेचा भंग केल्यास कमाल दोन वर्षे अशी बंदी आहे. आपण केंद्राच्या नियमांनी बांधलेले नसलात, तरी हा मापदंड डोळ्यांसमोर असावा.

नोटिशीला उत्तर आले की त्यातल्या प्रत्येक मुद्द्याला आदेशात उत्तर द्या. ‘खुलासा समाधानकारक नाही’ हे कारण नव्हे, तो निष्कर्ष आहे. आणि आदेशावर सही करणाऱ्याला तो अधिकार कोणत्या तरतुदीने आहे, ते क्रमांकासह लिहा.

खोट्या कागदांचे प्रकरण निराळे आहे आणि तिथे आपण उलट फार मऊ वागतो. बनावट अनुभव दाखला सापडला की देकार अपात्र करून नस्ती बंद केली जाते. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत फसवणुकीसाठी कलम 318, बनावटीकरणासाठी 336 आणि बनावट कागद खरा म्हणून वापरण्यासाठी 340 आहे. त्याआधीच्या कृत्यांना भारतीय दंड संहिताच लागते. पोलीस ठाण्यात जाण्यापूर्वी पुरावा बांधा. दाखला ज्या कार्यालयाच्या नावाने आहे त्याला आपणच लिहा आणि लेखी उत्तर घ्या. सनदी लेखापालाच्या उलाढाल दाखल्यावरचा 18 अक्षरांकांचा यूडीआयएन (प्रत्येक दाखल्याचा स्वतंत्र ओळख क्रमांक) त्यांच्या संस्थेच्या संकेतस्थळावर तपासा. आकडे जुळतात का तेही पाहा, नुसता क्रमांक सापडला म्हणून थांबू नका. ई-निविदा पोर्टलवर चढवलेली मूळ फाइल जतन करा, छापील प्रत पुरेशी नाही.

तीन देकार वेगवेगळ्या नावांचे, पण चढवले एकाच आयपी पत्त्यावरून, किंवा तिघांच्या दरपत्रकात एकच शुद्धलेखनाची चूक, असे दिसले तर तो केवळ अटभंग नाही. स्पर्धा कायदा, 2002 च्या कलम 3(3)(घ) खाली ते संगनमत ठरू शकते. पुणे महापालिकेच्या घनकचरा प्रक्रिया प्रकल्पांच्या निविदांवरून भारतीय स्पर्धा आयोगाने 2018 मध्ये कंपन्यांना दंड ठोठावला, हे उदाहरण लांबचे नाही. अशा वेळी निविदा नुसती रद्द करून फेरनिविदा काढली तर तेच तिघे पुन्हा येतात. आयोगाकडे माहिती पाठवा.

आमची मागणी मर्यादित आहे. पुढच्या निविदेच्या मसुद्यातून ती एक ओळ काढा आणि तिच्या जागी हे घाला :

‘अपात्रतेच्या म्हणून दर्शविलेल्या अटींची पूर्तता नसल्यास देकार नाकारला जाईल व बयाणा परत केला जाईल. वैधतेच्या मुदतीत देकार मागे घेतल्यास, किंवा स्वीकृती पत्रानंतर 10 दिवसांत सुरक्षा अनामत भरून करार न केल्यास, बयाणा जप्त होईल. करारानंतरच्या भंगास कराराची कलमे लागू होतील. खोटे दस्तऐवज किंवा संगनमत आढळल्यास देकार नाकारून बयाणा जप्त केला जाईल, फौजदारी कारवाई केली जाईल, आणि आरोप व प्रस्तावित कालावधी नमूद केलेली नोटीस देऊन, 15 दिवसांत म्हणणे मागवून, कारणांसह आदेशाने ठरावीक कालावधीसाठी निविदांत भाग घेण्यास बंदी घातली जाईल.’

दिवसांचे आकडे आपल्या विभागाच्या नियमांप्रमाणे बदलून घ्यावेत आणि मसुदा निविदापूर्व बैठकीच्या आधी विधी सल्लागारांना दाखवावा, शुद्धिपत्रक काढायची वेळ आल्यावर नव्हे.

आपले,
निविदा व कंत्राटांच्या कागदपत्रांचे काम दोन्ही बाजूंनी पाहणारे काही जण